बोरन्हाणात समोरच्या काकूंनी औक्षण करावं असं मला वाटतंय. कसं बोलू?

कृष्णाकाठची

नमस्कार मंडळी. संक्रांत तोंडावर आली आहे. जरा सविस्तर लिहिते, म्हणजे तुम्हाला सांगणं सोपं जाईल.

आम्ही सांगलीत, विश्रामबागेत राहतो. घरात मी, नवरा, सासूबाई आणि सव्वा वर्षाची लेक. गेल्या संक्रांतीला ती अगदी तान्ही होती म्हणून बोरन्हाण केलं नाही. यंदा करायचंय. संक्रांतीनंतरचा रविवार ठरवलाय आणि त्याच संध्याकाळी हळदीकुंकूही करणार आहोत. काळं झबलं शिवून आलंय. हलव्याचे दागिने माझ्या मावशीनं घरी केलेत. मुकुट, हार, वाक्या, कंबरपट्टा, सगळं. पाक मंद आचेवर ठेवून चमचा चमचा घालत हलव्याला काटा आणायचा म्हणजे काय काम असतं ते करणारीलाच माहीत. थोडक्यात, तयारीची मला काळजी नाही.

प्रश्न समोरच्या काकूंचा आहे.

आमची दारं समोरासमोर. मी लग्न होऊन आले तेव्हा सासूबाईंनी मला घर दाखवता दाखवता काकूंचं स्वयंपाकघरही दाखवलं होतं. पोह्याचा डबा कुठला, साखरेचा कुठला, इथपर्यंत. "कधी लागलं तर घेऊन ये, विचारत बसू नको," असं काकू तिथेच उभ्या राहून म्हणाल्या होत्या. 2019 च्या महापुरात आयर्विन पुलापाशी पाणी 57 फुटांवर गेलं आणि गावभागातलं आमच्या चुलत सासऱ्यांचं घर बुडालं. ती सगळी माणसं नेसत्या कपड्यांनी आमच्याकडे आली. आमच्या दोन खोल्यांत कुठे मावणार? काका-काकूंनी कुणी काही म्हणायच्या आत हॉलमधलं सामान भिंतीला सरकवलं आणि निम्मी माणसं आपल्याकडे निजवली. नळाला पाणी नव्हतं, दूध मिळत नव्हतं. दोन्ही घरच्या भाकऱ्या काकू थापायच्या, दोन्ही घरचं कालवण सासूबाई करायच्या. पाणी ओसरल्यावर त्या घरातला गाळ उपसायला काका स्वतःचं फावडं घेऊन गेले होते.

लेक झाली तेव्हा माझ्या आईचं मोठं ऑपरेशन झालं होतं, त्यामुळे मला बाळंतपणाला माहेरी जाता आलं नाही. सासूबाईंचे गुडघे दुखतात, त्यांना खाली बसवत नाही. काकू रोज सकाळी यायच्या. मोरीत पाटावर पाय लांब करून बसायच्या, बाळाला पालथं नडगीवर घ्यायच्या आणि पाणी अंगावर घालायच्या आधी कोपर बुडवून ऊन बघायच्या. मग धुरी, मग काजळाचा ठिपका, मग मऊ सुती लुगड्याच्या फडक्यात घट्ट गुंडाळून माझ्या मांडीवर. हळिवाचे लाडूही त्यांच्याच हातचे. लेकीला अजूनही झोप आली की ती समोरच्या दाराकडे हात करते.

आणखी एक. काकूंचं माहेर वाळवा तालुक्यातलं, घरची शेती हळदीची. सांगलीच्या हळदीला 2018 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, पण आमच्या घरात त्या हळदीला मान त्याच्या कितीतरी आधीपासून. उन्हाळ्यात शिजवून, वाळवून, दळून आली की पहिला डबा आमच्याकडे येतो. आमच्या करंड्यातली हळद तीच. आमच्याकडे हळदीकुंकवाला आलेल्या प्रत्येक बाईच्या कपाळाला काकूंच्या माहेरची हळद लागलेली आहे.

काका गेल्या होळीच्या आधी गेले.

त्यानंतर भाद्रपदात आमच्याकडे गौरी बसल्या. जेवणाच्या दिवशी पहाटेपासून काकू आमच्याच स्वयंपाकघरात. सोळा भाज्या त्यांनी निवडल्या, पुरण त्यांनी वाटलं. नैवेद्य झाला तसं "आता मी जरा पडते" म्हणून घरी गेल्या. संध्याकाळी हळदीकुंकवाच्या बायका यायला लागल्या आणि मी पाहिलं तर समोरचं दार लावलेलं. एरवी ते दार रात्री झोपायच्या वेळेलाच लागतं. मी तबक हातात घेऊन दारात उभी होते, येणाऱ्यांना आत घेत होते, आणि प्रत्येक वेळी मला ते दार दिसत होतं. त्या संध्याकाळपासून हे माझ्या मनात आहे.

मला काकूंना नुसतं 'या' म्हणायचं नाहीये. माझ्या लेकीला पहिलं ओवाळायचा मान कुणाचा असेल तर तो त्यांचा आहे, असं मला मनापासून वाटतं. नवरा पूर्ण माझ्या बाजूनं आहे. सासूबाईंना मी अजून नीट विचारलेलं नाही, पण विषय काढल्यावर त्या एवढंच म्हणाल्या, "वर्षही झालं नाही गं अजून. तिला कशाला अवघडात घालतेस?" त्या वाईट नाहीत हो. काकू आणि त्या एकमेकींना वहिनी म्हणतात. रोज दुपारचा चहा एकत्र. काका गेले तेव्हा काकूंजवळ रात्री निजायला त्याच जात होत्या. पण मिरजेहून आत्येसासूबाई येणार आहेत, त्यांचं सोवळं-ओवळं कडक आहे, त्या काहीतरी बोलतील आणि ते काकूंच्या कानावर पडेल ही सासूबाईंची भीती आहे. ती भीती मलाही आहे.

तर सासूबाईंशी कसं बोलू? काकूंना आधी विचारू की आयत्या वेळी तबक हातात देऊ? तुमच्याकडे कुणी असं केलं असेल तर जसं झालं तसं सांगा. चांगलं झालं नसेल तर तेही सांगा.

गुळपोळी

ताई, आयत्या वेळी तबक हातात देऊ नका. बाकी सगळं नंतर, हे आधी.

आमच्या पुण्यातल्या सोसायटीत आम्ही बऱ्याच वर्षांपूर्वी बदल केला. आमंत्रणात 'तिळगूळ आणि हळदीकुंकू, घरातल्या सर्व जणींनी यावे' असं लिहायला लागलो. 'सर्व जणींनी' या शब्दांवर पहिल्या वर्षी कुणी आलं नाही. म्हणजे ज्यांच्यासाठी लिहिलं होतं त्या आल्या नाहीत. मग आमच्या लक्षात आलं की त्यांना यायला हरकत नव्हती, त्यांना दारातल्या त्या क्षणाची धास्ती होती. दारात कुणीतरी करंडा घेऊन उभी असते, तिचं बोट आधी समोरच्या कपाळाकडे जातं, मग थांबतं, मग ती कसनुसं हसते. तो थांबलेला हात सोसवत नाही.

म्हणून दुसऱ्या वर्षापासून करंडा हातात घ्यायचाच नाही असं ठरवलं. दाराजवळ छोट्या टेबलावर तबक ठेवतो, शेजारी आरसा. ज्या त्या बाईनं आपलं आपण लावायचं, हवं ते लावायचं, नको तर पुढे जायचं. अत्तर, गुलाबपाणी आणि गजरा मात्र आम्ही हातानं देतो, आणि तो सगळ्यांना. कुमारिका, लग्न झालेल्या, नवरा गेलेल्या, वेगळ्या राहणाऱ्या, सगळ्यांना तोच गजरा. एवढ्यानं पुष्कळ फरक पडला. आता आमच्याकडे खालच्या मजल्यावरच्या ऐंशीच्या आजी सगळ्यांत आधी येऊन बसतात आणि उखाण्यांचा आग्रह त्याच करतात.

वाण निवडताना बघा. करंडा, बांगड्या, जोडवी, मंगळसूत्राची वाटी असलं काही घेऊ नका. आम्ही एका वर्षी गुळाची ढेप फोडून कापडी पिशव्यांतून दिली, एकदा तुळशीची रोपं दिली. कुणाच्याही हातात सारखं शोभेल असं वाण असलं की वाटणाऱ्या बाईला विचार करावा लागत नाही.

आणि बोरन्हाणाचं एक, मूळ प्रश्नात नाही तरी सांगते. सव्वा वर्षाचं मूल आहे, डोक्यावर घालताना टणक बोरं आणि उसाचे करवे अगदी थोडे, बाकी चुरमुरे आणि लाह्याच भरपूर. शेंगदाणे, हरभऱ्याचे दाणे, रेवड्या तिच्या तोंडात जाणार नाहीत याकडे एकीला लक्ष द्यायला बसवा. गडबडीत कुणाचं लक्ष नसतं आणि घशात अडकतं.

पंचगंगा

मी पुरुष माणूस, हळदीकुंकवातलं मला फार कळत नाही, पण मी शिरोळ तालुक्यातला आहे म्हणून लिहितो. तुमच्यापासून आम्ही तासाभराच्या अंतरावर.

आमच्या तालुक्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीनं मे 2022 मध्ये ठराव केला, तो तुम्ही वाचला असेल. नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र तोडणं, जोडवी काढणं हे गावात बंद. शाहू महाराजांचं ते स्मृतिशताब्दीचं वर्ष होतं, महाराज 6 मे 1922 ला गेले. कोरोनात आमच्या भागात किती तरण्याताठ्या पोरी विधवा झाल्या होत्या, त्या सगळ्या डोळ्यांसमोर होत्या. त्याच महिन्यात ग्रामविकास खात्यानं परिपत्रक काढून बाकीच्या ग्रामपंचायतींनीही असं करावं असं कळवलं. आमच्या गावातही मग चर्चा झाली.

आता खरं सांगतो. ठराव कागदावर झाला म्हणून घराघरात लगेच सगळं बदललं असं नाही. माझी चुलती त्याच सुमारास विधवा झाली. तिच्या बांगड्या कुणी फोडल्या नाहीत, पण सणाच्या दिवशी ती स्वतःच मागं मागं राहायची. बोलवणारी मंडळी आम्ही पोरं होतो. "काकी ये की, आता असलं काही नसतं," असं आम्ही दहा वेळा म्हणालो. ती हसायची आणि यायची नाही. शेवटी माझी आजी, म्हणजे चुलतीची सासू, वय वर्षं ब्याऐंशी, ती एका संक्रांतीला काठी टेकत तिच्या खोलीत गेली आणि म्हणाली, "सुगडं पुजायचीत, मला वाकवत नाही, चल." चुलती उठली आणि आली. त्या दिवसापासून येते.

ठरावाचा उपयोग एक झाला. कुणी नाक मुरडलं तर आजीला म्हणता आलं, "गावानंच ठरवलंय बाई आता." मोठ्या माणसाला पुढं व्हायला असा काहीतरी आधार लागतो.

म्हणून माझं मत असं आहे की काकूंना तुम्ही विचारू नका. तुमच्या सासूबाईंनी विचारायला हवं. तुम्ही सून, तुमचं बोलणं काकू 'पोरीचं प्रेम आहे' म्हणून बाजूला ठेवतील. बरोबरीच्या बाईनं हाक मारली की तिला वजन असतं. तेव्हा तुमचं खरं काम सासूबाईंपाशी आहे. आणि मिरजेच्या आत्यांना तुमच्या नवऱ्यानं आधी फोन करून सांगावं. भाच्यानं सांगितलं तर आत्या ऐकते, भावजयीनं सांगितलं तर तंटा होतो.

खणाची चोळी

माझं थोडं वेगळं मत आहे, राग मानू नका. हळदीकुंकू हा सवाष्णींचा सण आहे, त्याला त्याची जागा असू द्यावी. बोरन्हाण मात्र लेकराचं. लेकराला आजी, आत्या, मामा, शेजारी कुणीही ओवाळावं, त्यात आडकाठी कुठेच नाही. तुम्ही दोन्ही एका संध्याकाळी घेताय म्हणून गुंता झालाय. बोरन्हाण सकाळी करा, काकूंना मानानं बोलवा, औक्षण त्यांच्या हातून करा. हळदीकुंकू दुसऱ्या दिवशी नेहमीसारखं करा. कुणाचं मन मोडणार नाही.

गुळपोळी

खणाची चोळी, तुमचा हेतू चांगला आहे हे कळतं. पण मग दुसऱ्या दिवशी संध्याकाळी समोरचं दार पुन्हा लागणार, आणि काकू आदल्या दिवशी लेकीला ओवाळून गेलेल्या असल्यामुळे त्यांना ते जास्तच लागेल. ताईंना नेमकं तेच नकोय.

निवृत्त बाई

मी सोलापूरची. शाळेत मराठी शिकवत होते, निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली. माझे यजमान मी नोकरीत असतानाच गेले. तुझ्या काकूंच्या बाजूनं लिहिणारं इथे कुणी नाही म्हणून मी लिहिते. तुला अगं-तुगं करते, तू माझ्या विद्यार्थिनींच्या वयाची असशील.

माझ्या भाचीनं तिच्या मुलाच्या बोरन्हाणाला मला बोलावलं होतं. मी गेले. पाटावर मूल बसलं, आणि भाचीनं सगळ्यांना शांत करून जाहीर केलं की आज आपण जुन्या रूढी मोडणार आहोत आणि पहिलं औक्षण मावशी करणार आहे. बायकांनी टाळ्या वाजवल्या. एक-दोघींनी मोबाईल काढले. मी ओवाळलं, मुलाच्या हातावर तिळगूळ ठेवला, सगळं रीतसर केलं, आणि घरी येऊन दार लावून खूप वेळ बसून राहिले. भाचीचं प्रेम खरं होतं, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण त्या टाळ्या वाजेपर्यंत मी त्या मुलाची मावशी-आजी होते. टाळ्या वाजल्यावर मी त्या खोलीतली विधवा झाले.

याच्या उलट सांगते. आमच्या शाळेत दर वर्षी शिक्षिकांचं हळदीकुंकू असायचं. यजमान गेल्यानंतरच्या पहिल्या संक्रांतीला मी ठरवलं होतं की त्या तासाला ग्रंथालयात जाऊन बसायचं. सकाळीच आमच्या शिवणाच्या बाई माझ्याकडे आल्या आणि म्हणाल्या, "बाई, तिळाच्या वड्या मी आणल्यात पण त्या कापायच्या राहिल्यात, माझे पालक भेटायला यायचेत, तुम्ही जरा कापून ताटात लावा." मी सुरी घेऊन बसले. वड्या कापून होईपर्यंत बाकीच्या जमल्या, कार्यक्रम सुरू झाला, आणि मी ताटासकट त्यात होते. कुणी काही बोललं नाही. शिवणाच्या बाईंनी माझ्यापुढे करंडा धरला, मी मान किंचित हलवली, त्यांनी तितक्याच सहज अत्तरदाणी पुढे केली. पुढच्या वर्षी मी हळद लावून घेतली. त्याच्या पुढच्या वर्षी कुंकूही. माझ्या वेगानं झालं.

तू काय करावंस ते सांगते. काकूंना आधी, एकट्यात, त्यांच्या घरी जाऊन विचार किंवा सासूबाईंना विचारू दे, पंचगंगा म्हणतात ते मला पटलं. विचारताना 'तुम्हाला आवडेल का, चालेल का' असं विचारू नका. असल्या प्रश्नाला आमच्या पिढीच्या बाईचं उत्तर 'राहू दे गं' हेच असतं. 'लेकीला तुमच्याशिवाय चैन पडत नाही, तुम्ही तिथे लागाल' असं सांगा. ते खरंही आहे. आणि नको म्हणाल्या तर वाटाघाट करू नका. मग 'बरं, तुम्ही काय कराल ते सांगा' एवढंच म्हणा.

त्यांना रांगेत पहिलं ठेवू नको आणि शेवटचंही ठेवू नको. पहिल्या ठेवलंस की सगळ्यांच्या नजरा, शेवटी ठेवलंस की उरल्यासुरल्या. घरच्या तिघी-चौघींच्या मधे कुठेतरी असू देत. तुला पहिला मान द्यायचाय हे मला कळतं, पण तो मान तुझ्या मनातला आहे, त्यांच्यावर त्याचं ओझं नको.

त्या काय नेसायचं याचा विचार करत असतील, हे तुमच्या कुणाच्या ध्यानात येणार नाही. रंगीत नेसलं तर लोक बघतात, फिकट नेसलं तरी बघतात. संक्रांतीचं एक बरं असतं, सगळ्याच जणी काळं नेसतात. सासूबाईंना सांग, आदल्या दिवशी सहज म्हणावं, "वहिनी, उद्या काळी चंद्रकळा नेसायची हं, मीपण नेसते." एका काळजीतून त्या सुटतील.

आता 'वर्षही झालं नाही' याबद्दल. तुझ्या सासूबाई मायेनं म्हणतायत, मला शंका नाही. पण मलाही असंच म्हणाले होते. वर्ष झालं की मुलीचं लग्न होऊ दे, मग नातवंड होऊ दे, मग लोकांना सवय होऊ दे. ते वर्ष सरत नाही. तोवर बाईला दार लावून घ्यायची सवय होते आणि एकदा ती सवय झाली की बाहेरून कितीही कडी वाजवली तरी तिला उठवत नाही. काकूंना अजून तशी सवय झालेली दिसत नाही. गौरीचं पुरण त्या वाटून गेल्या ना? मग आत्ताच बोलवा.

कृष्णाकाठची

बाई, तुमचं लिहिलेलं मी सासूबाईंना वाचून दाखवलं. पंचगंगांच्या आजींचंही. आधी वाटलं होतं स्वतःच्या शब्दांत सांगावं, पण तुमच्या टाळ्यांच्या प्रसंगानंतर माझ्याकडे वेगळे शब्द उरले नव्हते. त्या ऐकत होत्या, हातातले तीळ निवडत होत्या. वाचून झाल्यावर बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "गौरीला मला दिसलं होतं दार. मला वाटलं तिला एकटं राहायचंय." आणि तीळ बाजूला ठेवून म्हणाल्या, "तू नको जाऊ. चहाला मी जाते तेव्हा बोलते."

गेल्या आणि नेहमीपेक्षा दुप्पट वेळ बसल्या. दोघींचे डोळे लाल होते, पण काय बोलणं झालं ते मी विचारलं नाही. ठरलं ते असं. काकू औक्षणाला नको म्हणाल्या, आत्ता तरी नको. सासूबाईंनी बाईंनी सांगितल्याप्रमाणे आग्रह केला नाही, "मग तुम्ही काय कराल?" एवढंच विचारलं. त्यावर काकू म्हणाल्या, "ती पोरगी पाटावर एकटी बसेल होय? डोक्यावर चुरमुरे पडायला लागले की उठून पळेल. मी घेऊन बसते तिला मांडीवर."

म्हणजे पाटावर काकू आणि त्यांच्या मांडीवर लेक. येणारी प्रत्येक जण ओवाळणार ती दोघींना. सासूबाई, माझी आई, मी, नणंद, आत्येसासूबाई, सगळ्या. हे माझ्या डोक्यात आलंच नसतं. मी त्यांच्या हातात तबक द्यायचा विचार करत बसले होते.

हळदीकुंकवाला दाराशी टेबल आणि आरसा ठेवणार, गजरे सगळ्यांना. वाण म्हणून काकूंच्या माहेरची हळद द्यायची असं सासूबाईंनीच सुचवलं, छोट्या बरण्यांमधून. बरण्या भरायला आज दुपारी काकू येऊन बसल्या होत्या. चंद्रकळेचं सासूबाईंनी सांगितलं तेव्हा काकू म्हणाल्या त्यांच्याकडे आहे, ट्रंकेतून काढून वाऱ्यावर टाकायला हवी.

खणाची चोळी, तुमचं मत मी वाचलं आणि विचारही केला. तुम्ही म्हणता तसं दोन दिवस केलं असतं तर मला सोपं गेलं असतं, पण दुसऱ्या दिवसाचं काय करायचं याचं उत्तर मला सापडलं नाही.

मिरजेच्या आत्यांना नवऱ्यानं फोन केला. त्या आधी गप्प झाल्या, मग "तुमचं घर, तुमचं लेकरू" म्हणाल्या. येणार आहेत. तिथे आल्यावर काय म्हणतील सांगता येत नाही. सासूबाई म्हणाल्या, "वन्संना मी माझ्याजवळच बसवते, काय बोलायचं ते माझ्या कानात बोलू देत."

आता फक्त एक राहिलं. मुलं धरून तीस-पस्तीस जण होतील. बोरन्हाणाला सामान साधारण किती आणू?

गुळपोळी

वाचून फार बरं वाटलं. मांडीवर घेऊन बसायची कल्पना काकूंचीच आहे म्हणून ती इतकी बरोबर बसली.

सामान असं धरा. चुरमुरे आणि लाह्या मिळून एक किलो, खूप दिसतात. बोरं दोन किलो आणा, त्यातली लहान आणि मऊ वेगळी काढून तेवढीच मूठभर डोक्यावर घालायच्या मिश्रणात टाका, बाकीची मुलांना नंतर हातात द्या. उसाची दोन कांडकी सोलून बारीक करवे, ओला हरभरा एक जुडी, शेंगा अर्धा किलो, तिळाच्या रेवड्या पाव किलो, गोळ्या-बिस्किटं मुलांच्या हिशेबानं. मोठ्या पातेल्यात कालवा आणि मापट्यानं घाला, मापटं एकीच्या हातून दुसरीच्या हातात फिरत राहू द्या. काकूंच्या डोक्यावरही पडणार आहे, तेव्हा त्यांच्या केसात उसाचा चिकटा नको, करवे सगळ्यांत शेवटी टाका. आणि पाटाखाली जुनी मोठी चादर अंथरा. मुलांनी वेचून झालं की चारी टोकं उचलायची, खोली झाडावी लागत नाही.